नातेवाईकांचा रकाना

साहेबांच्या निरोप समारंभात पाच जणांनी भाषणं केली आणि पाचही जणांनी फिरून फिरून एकच गोष्ट सांगितली: सव्वीस वर्षं न्यायासनावर बसूनही या माणसाकडे कोणाला बोट दाखवता आलं नाही. मी तिसऱ्या रांगेत बसून टाळ्या वाजवत होते. सात वर्षं ज्यांचं प्रत्येक निकालपत्र मी टाइप केलं, त्यांच्यासाठी टाळ्या न वाजवून कसं चालेल? पण आतून मी जळत होते, आणि ते का, हे त्या सभागृहात दोघांनाच माहीत होतं. एक मी आणि दुसरे स्वतः साहेब.

‘साहेब’ हा माझा शब्द. तोंडावर मी त्यांना ‘जज’ म्हणायचे, तिथे तसंच म्हणतात. पण नागपूरच्या जिल्हा न्यायालयात चार वर्षं काळा कोट घालून हिंडलेली बाई मनातल्या मनात न्यायाधीशाला दुसरं काय म्हणणार? ते राज्याच्या सर्वोच्च न्यायालयातले सगळ्यांत जुने न्यायमूर्ती. अमेरिकेत प्रत्येक राज्याचं स्वतःचं सर्वोच्च न्यायालय असतं आणि राज्याच्या कायद्यापुरता त्याचा शब्द शेवटचा असतो. आमच्या कोर्टात असे सात न्यायमूर्ती होते.

मी तिथे लागले २००१ मध्ये. नवऱ्याच्या नोकरीमागे अमेरिकेत आले होते. ग्रीन कार्ड येईपर्यंत घरात बसून पोळ्या लाटल्या, आणि ते आलं तेव्हा कळलं की माझ्या एलएलबीच्या सर्टिफिकेटला इथे जुन्या लग्नपत्रिकेइतकीच किंमत आहे. पुन्हा लॉ स्कूलला जायचं वय राहिलं नव्हतं आणि हुरूपही. त्यात नवऱ्याच्या कंपनीत माणसं कमी करायला सुरुवात झाली होती. म्हणून कोर्टातल्या सेक्रेटरीच्या जागेसाठी अर्ज केला. मुलाखतीत साहेबांनी एकच प्रश्न विचारला.

“तुम्ही वकील होतात. दुसऱ्याचं लिखाण टाइप करायला कमीपणा नाही वाटणार?”

“वाटेल,” मी म्हणाले, “पण मला त्यातल्या चुका सापडतील.”

ते मोठ्यांदा हसले आणि नोकरी मला मिळाली.

पहिल्याच दिवशी त्यांनी एक फॉर्म पुढे ठेवला. हा फॉर्म कोर्टाचा नव्हता, साहेबांचा स्वतःचा होता. बाकीच्या सहा न्यायमूर्तींच्या ऑफिसात असलं काही नव्हतं. आमच्या चेंबरमध्ये मात्र दर जानेवारीत प्रत्येकाने तो भरायचा: मी, आणि दरवर्षी लॉ स्कूलमधून नव्याने येणारे दोघं लॉ क्लार्क. या राज्यात राहणारे तुमचे नातेवाईक कोण, त्यांचं तुमच्याशी नातं काय, ते काम काय करतात. यातल्या कुणाचं प्रकरण कोर्टात आलं, तर साहेबांना आधी कळावं म्हणून. साहेबांच्या दातांच्या डॉक्टरचा खटला एकदा कोर्टात आला होता, तेव्हा ते त्या खटल्यातून बाजूला झाले होते. ही गोष्ट मला पहिल्या आठवड्यात तिघांनी सांगितली. तिघांच्याही आवाजात देवळातल्यासारखा भाव होता.

नवऱ्यासाठी वर वेगळी ओळ होती. ती भरली. त्याखाली आठ मोकळ्या ओळी. शेजारच्या टेबलावरचा लॉ क्लार्क पान उलटून मागच्या बाजूला लिहीत होता, त्याचे काका, मामा, आत्या, सगळं खानदान याच राज्यात पसरलेलं. मी पेन धरून बसले. मी आईबापांची एकुलती एक. नवऱ्याकडचे सगळे अमरावतीत. सात समुद्र ओलांडून आले आणि आठ ओळींत लिहायला एक नाव नाही, याची मला त्या परक्या ऑफिसात भयंकर लाज वाटली. शेवटी मी एका ओळीत लिहिलं: भाऊ. आणि त्याचं नाव.

तो माझा भाऊ होता आणि नव्हता. आम्ही पहिल्यांदा आलो तेव्हा ज्या अपार्टमेंटमध्ये राहत होतो, तिथे तळमजल्यावर तो राहायचा. कोल्हापूरचा, पीएचडी करायला आलेला, खिशात दमडी नसलेला आणि तोंडाने अखंड बडबड करणारा. आमच्या पहिल्या दिवाळीत भाऊबीजेच्या दिवशी मी आईला फोन करून रडत होते. तेवढ्यात दारावर थाप. हा अंघोळ करून, इस्त्रीचा शर्ट घालून उभा.

“ताई, मला बहीण नाही आणि तुला भाऊ नाही. ओवाळ मला. आणि करंजी असली तर दे, यार, भूक लागलीय.”

पाट नव्हता म्हणून फोन बुक्सची चळत करून त्यावर त्याला बसवलं. निरांजन लावलं आणि छतावरचा धुराचा अलार्म कोकलायला लागला. नवरा स्टुलावर चढून त्याला टॉवेलने वारा घालतोय, आणि मी खाली कुंकू लावतेय. त्या दिवसाचा फोटो आहे. तो फोटो पुढे सहा वर्षं कोर्टातल्या माझ्या टेबलावर होता. साहेबांनी पहिल्याच दिवाळीत विचारलं होतं, हा कोण. मी म्हणाले, माझा भाऊ. त्यांनी चकली तोंडात टाकली आणि म्हणाले की तुमच्या भावाचं हसू फार छान आहे.

त्यानंतर दर वर्षी तो आला. लग्न झालं, वहिनी आली, मुलगी झाली, ती मला आत्या म्हणायला शिकली. आणि दर जानेवारीत मी फॉर्मवर तीच ओळ लिहीत गेले. त्यात खोटं काही आहे असं मला एकदाही वाटलं नाही. उलट ती ओळ लिहिताना मला बरं वाटायचं.

साहेबांबरोबरचं काम मला आवडायचं, हेही सांगायला हवं. मी रागावले आहे म्हणून ते दडवणार नाही. ते उभं राहून, खिडकीकडे तोंड करून निकाल सांगायचे आणि मी टाइप करायचे. दुपारी दोन पावांमधलं चीज आणि एक संत्रं, सात वर्षांत त्यांचा डबा बदलला नाही. एखादं वाक्य जमलं नाही की विचारायचे, “हे तुमच्या नागपूरच्या कोर्टात कसं म्हटलं असतं?” मी सांगायचे, ते ऐकायचे. माझ्या आयुष्यात माझी वकिली कुणी कामाला लावली असेल, तर ती त्यांनीच.

२००३ मध्ये एका म्हाताऱ्या सुताराचा खटला आला. डॉक्टरची चूक त्याला चार वर्षांनी कळली होती आणि दाव्याची मुदत तीनच वर्षांची. मुदत कधीपासून मोजायची, चूक झाली तेव्हापासून की ती कळली तेव्हापासून? चार न्यायमूर्ती म्हणाले, झाली तेव्हापासून. सुतार गेला घरी. साहेबांनी विरोधात निकाल लिहिला, आणखी दोघांनी त्यांच्याबरोबर सही केली. माणसाला जे माहीतच नव्हतं त्याबद्दल उशीर केला म्हणून त्याला दारातून परत पाठवायचं, हा न्याय नाही, असं त्यात होतं. तो निकाल आम्ही अकरा वेळा लिहिला. शेवटची प्रत काढल्यावर साहेब म्हणाले, “आज हरलो. पण असा खटला पुन्हा येईल.” मला तेव्हा त्यांचा इतका अभिमान वाटला की घरी जाऊन नवऱ्याला तो निकाल तोंडपाठ म्हणून दाखवला.

असा खटला पुन्हा आला, आणि तो माझ्या भावाचा होता.

वहिनीला खोकला धरला होता. बरा होईना म्हणून तपासण्या झाल्या, तेव्हा फुप्फुसातली गाठ हाताबाहेर गेलेली. मग कागद मागवले. त्यात सापडलं की चार वर्षांपूर्वी एका क्लिनिकमध्ये दुसऱ्याच कारणासाठी काढलेल्या एक्स-रेवर डाग दिसला होता, तपासणाऱ्याने तो लिहूनही ठेवला होता, आणि ते कुणी तिला सांगितलंच नाही. कागद फाइलला लागला आणि फाइल कपाटात गेली. भावाने दावा लावला. खालच्या कोर्टाने पहिल्याच पायरीला सांगितलं: मुदत संपली.

त्या संध्याकाळी दोघं आमच्याकडे आले. भाऊ सोफ्यावर नुसता बसून होता, बडबड्या माणूस गप्प बसला की घर भकास वाटतं. वहिनी म्हणाली, “ताई, पुरे आता. मला या कागदांवर सह्या करायचा कंटाळा आलाय. मला साताऱ्याला आईकडे जायचंय, दोन महिने तरी. अंगात त्राण आहे तोवर जाऊन येते.”

“जा ना,” भाऊ म्हणाला. “मी सगळं कॅन्सल करतो. आपण तिघंही जाऊ.”

मी मध्ये पडले. माझ्या डोक्यात गणित चाललं होतं. २००३ मध्ये सुताराच्या विरोधात गेलेल्या चौघांपैकी एक जण रिटायर झाला होता आणि त्याच्या जागी आलेली बाई साहेबांच्या बाजूने विचार करणारी होती. म्हणजे आता चार विरुद्ध तीन, आणि चार आपले. यातलं अक्षरही मी बोलू शकत नव्हते आणि बोलले नाही. कोर्टातलं कोर्टात ठेवायचं, हे मला कुणी शिकवायची गरज नव्हती. मी फक्त म्हणाले, “थांबू नका. वर जा. शेवटपर्यंत जा.”

“ताई, तुला काही माहीत आहे का?” भावाने विचारलं.

“मला एवढंच माहीत आहे की थांबायचं नाही.”

त्याने माझ्या तोंडाकडे बघितलं आणि त्याला काय समजायचं ते तो समजला. वहिनीची जबानी व्हिडिओवर घ्यायची ठरली, पुढे खटला उभा राहिला तर ज्यूरीला दाखवायला. त्यासाठी तारखा, डॉक्टर, दोन्हीकडचे वकील. एक तारीख पुढे ढकलली, मग दुसरी. मी तिला म्हणाले, एवढं होऊ दे, मग जा. जबानी झाली तेव्हा डॉक्टरांनी विमानप्रवासाला नाही म्हणून सांगितलं. वहिनी २००६ च्या मार्चमध्ये इथेच गेली. तिची आई फोनवर मला म्हणाली की तुम्ही होतात तिथे, म्हणून आम्ही निर्धास्त होतो. त्या बाईने हे मनापासून म्हटलं होतं.

पुढच्या वर्षी आमच्या कोर्टाने प्रकरण ऐकायला घेतलं. भावाला आता एकच गोष्ट हवी होती. ज्यूरीच्या बारा माणसांनी खोलीत बसून ती टेप बघावी, त्यात ती काय म्हणते ते ऐकावं. बाकी कशाचं तो नावही काढत नव्हता. तो म्हणायचा, “तिला कुणीच काही सांगितलं नाही. निदान तिचं तरी कुणी ऐकून घेऊ दे.”

नव्या प्रकरणांची यादी आली त्या सकाळी साहेबांनी मला आत बोलावलं. टेबलावर यादी आणि शेजारी माझे फॉर्म, सगळ्या वर्षांचे, नीट एकावर एक.

“हे तुमचे भाऊ,” ते म्हणाले.

तोवर मी मनाची समजूत घालून ठेवली होती की फार तर मला त्या प्रकरणापासून लांब ठेवतील. नियम तेवढाच होता. सेक्रेटरीचा नातेवाईक असेल, तर सेक्रेटरीने त्या कागदांना हात लावायचा नाही, न्यायमूर्तींनी बसायला हरकत नाही. लॉ क्लार्कांपैकी एकीने धीर करून साहेबांना हे सांगितलंही होतं.

“नियमाला चालेल,” साहेब मला म्हणाले, “पण मला चालणार नाही. मी बाजूला होतोय. तुम्ही माझ्या खोलीत रोज बसता. तुमच्या भावाच्या बाजूने मत दिलं, तर लोक काय म्हणतील?”

काही राज्यांत अशा वेळी खालच्या कोर्टातला न्यायाधीश तात्पुरता आणून बसवतात. आमच्याकडे ती पद्धत नव्हती. उरले सहा, म्हणजे तीन आणि तीन. आणि बरोबरी झाली की खालच्या कोर्टाचा निकाल जसाच्या तसा राहतो. हे साहेबांना माझ्याहून चांगलं ठाऊक होतं.

आणि मग मी ते बोलले.

“तो माझा भाऊ नाही.”

साहेबांनी चष्मा काढला. मी भडाभडा सगळं सांगितलं. तळमजल्यावरचा मुलगा, फोन बुक्सवर बसवून ओवाळणं, आमच्याकडे मानलेला भाऊ असतो, त्याच्याशी रक्ताचं काही नसतं, कायद्याचं तर मुळीच नसतं. फॉर्मवर का लिहिलं तेही सांगितलं. आठ ओळी मोकळ्या सोडायची लाज वाटली म्हणून. असं बोलताना माझा आवाज चिरकत होता. वकील असताना मी अशा साक्षीदारांना हसायचे.

त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग फॉर्मांवर हात ठेवून म्हणाले, “तुम्ही हे सहा वर्षं लिहिलंत. फोटो टेबलावर ठेवलात. मला त्यांच्या नावाने फराळ दिलात. आज त्यांचा खटला आला, तेव्हा तुम्ही म्हणता भाऊ नाही. समोरचा वकील याला काय म्हणेल? तुम्हीच सांगा.”

समोरच्या वकिलाच्या जागी मी असते, तर फाडून खाल्लं असतं.

“मी नोकरी सोडते,” मी म्हणाले. “आज, आत्ता.”

“त्याने काही बदलणार नाही. आणि मला सेक्रेटरी म्हणून तुम्हीच हव्या आहात.” मग म्हणाले, “मला हे आवडतंय असं समजू नका.”

मला त्यांची कीव यायला हवी होती का? मला आली नाही. मला एवढंच दिसलं की या माणसाकडे दोन गोष्टी होत्या, स्वतः लिहिलेला न्याय आणि स्वतःचं निष्कलंक नाव. दोन्ही एकाच टेबलावर समोरासमोर आल्यावर त्यांनी नाव उचललं. रिटायर व्हायला वर्ष राहिलं होतं. सव्वीस वर्षांचा पांढरा कपडा शेवटच्या वर्षी डागाळायचा नव्हता. चूक माझी होती, फॉर्म मी भरला होता, हे मी रोज स्वतःला सुनावते. पण तो फॉर्म काढला कुणी? ज्या नियमाची कुणाला गरज नव्हती तो स्वतः बनवायचा आणि मग त्याच्यापुढे हात जोडून उभं राहायचं, याला मी आजही न्याय म्हणत नाही.

बुधवारी सगळे न्यायमूर्ती बंद दाराआड बसायचे. पद्धत अशी की सगळ्यांत नवा न्यायमूर्ती आधी बोलणार आणि सगळ्यांत जुना शेवटी, म्हणजे ज्येष्ठांचं दडपण येत नाही. साहेब शेवटी बोलायचे, आणि कितीतरी प्रकरणांत सहा जण बोलून झाले की सगळ्यांच्या नजरा त्यांच्याकडे वळायच्या. त्या बुधवारी मात्र त्या एका प्रकरणापुरते ते उठून बाहेर आले. आमच्या खोलीत माझ्या टेबलासमोरच्या खुर्चीत बसले आणि संत्रं सोलायला लागले. भिंतीपलीकडे सहा जण बोलत होते. काही ऐकू येत नव्हतं. फोटोतला भाऊ आमच्या दोघांच्या मध्ये हसत होता. साहेबांनी साल एका तुकड्यात काढली, एकेक फोड वेगळी केली आणि अर्धं संत्रं माझ्यापुढे ठेवलं. मी त्याला हात लावला नाही. वीसेक मिनिटांनी दार उघडल्याचा आवाज आला आणि ते तोंड पुसून परत आत गेले.

निकाल ऑक्टोबरमध्ये लागला. दोन ओळींचा. न्यायालय समसमान विभागलं गेल्यामुळे खालचा निकाल कायम, आणि एका न्यायमूर्तींनी भाग घेतला नाही. कारणं नाहीत, कुणी काय मत दिलं ते नाही. सुताराला निदान साहेबांचा विरोधी निकाल तरी मिळाला होता.

भाऊ त्याच संध्याकाळी आला. बूटही काढले नाहीत, दारातच उभा.

“ताई, भाग न घेतलेले जज म्हणजे तुझे साहेब ना? का नाही बसले?”

मी फॉर्मचं सांगितलं. मला वाटलं तो चिडेल. तो चिडला नाही, उलट जरासा हसला. “तू सहा वर्षं मला भाऊ म्हणून लिहीत होतीस?”

“हो.”

“मग तू त्यांना काही बोलली नाहीस? निदान सांगून बघायचं.”

खोटं बोलता आलं असतं. सहा वर्षं त्या माणसाच्या हाताखाली काढली होती, तेव्हा खोटं बोलायची सवयच मोडली होती.

“सांगितलं,” मी म्हणाले. “म्हटलं, तो माझा भाऊ नाही.”

त्याने दाराच्या कडीवर हात ठेवला.

“म्हणजे केसही गेली,” तो म्हणाला, “आणि तेही गेलं.”

मी त्याला आत ये म्हणाले. चहा टाकते म्हणाले. तो म्हणाला, मुलीला क्लासहून पिकअप करायचंय. जाता जाता जिन्यात थांबून म्हणाला, “तिला साताऱ्याला जायचं होतं, ताई.” एवढंच. ओरडला असता, तर मी सोसलं असतं.

भाऊबीज त्या वर्षी रविवारी आली होती. मी करंज्या केल्या. आता घरात खराखुरा पाट होता, तो मांडला, भोवती रांगोळी काढली, तबकात सुपारी, अंगठी, अक्षता, निरांजन. नवरा म्हणाला, फोन करू का त्याला. मी नको म्हणाले. दुपारी दोन वाजता निरांजनातलं तूप संपलं. चार वाजता मी पाट उचलून ठेवला. जानेवारीत साहेबांनी नेहमीसारखा फॉर्म दिला, मी तो नवऱ्याच्या ओळीपुढे भरलाच नाही. साहेबांनी तो बघितला, माझ्याकडे बघितलं आणि फाइलला लावला. फोटो मी त्याआधीच ड्रॉवरमध्ये टाकला होता.

मग जूनमध्ये तो निरोप समारंभ. भिंतीवर त्यांचं तैलचित्र लागलं. एका वक्त्याने तर आमच्या चेंबरच्या फॉर्मचीच गोष्ट सांगितली. आपल्या सेक्रेटरीच्या दूरच्या नात्यातल्या माणसाचा खटला आला म्हणून हे बाजूला झाले, तेही नियम तसं सांगत नसताना, असं तो म्हणाला. लोक उभे राहिले. टाळ्या थांबेनात. साहेब मान खाली घालून उभे होते. एकदा त्यांनी वर बघितलं, ते नेमकं माझ्याकडे. मला वाटलं, आता तरी हा माणूस काही बोलेल. त्यांनी आभार मानले आणि खाली बसले.

पुढच्या शनिवारी इंडियन ग्रोसरीत मी कोथिंबीर निवडत होते. समोर भावाची मुलगी, कार्ट ढकलत. वर्षात केवढी उंच झाली होती, हनुवटी अगदी वहिनीची. तिने मला पाहिलं आणि थबकली.

“हाय, आंटी,” ती म्हणाली.

तिथे सगळीच मुलं सगळ्याच बायकांना आंटी म्हणतात. मी विचारलं, बाबा कसे आहेत. “ही इज गुड. ही इज इन द कार.” मी काचेतून बाहेर बघितलं. गाडी अगदी दारासमोर होती आणि तो स्टिअरिंगवर हात ठेवून सरळ पुढे बघत बसला होता. मी बाहेर गेले नाही. मुलीला म्हटलं, बाबांना सांग मी विचारलं. कोथिंबिरीची जुडी हातातच राहिली होती, ती पैसे देऊन घरी आणली.

सोमवारी साहेबांच्या जागी आलेले नवे न्यायमूर्ती हजर झाले. तरणेताठे, उत्साही गृहस्थ. त्यांनी मला आत बोलावलं आणि सांगितलं की आधीच्या न्यायमूर्तींची एक फार चांगली पद्धत आपण या चेंबरमध्ये पुढे चालू ठेवणार आहोत. मग त्यांनी तो फॉर्म माझ्यापुढे ठेवला. नवऱ्याची ओळ भरली. बाकीच्या आठ ओळींवर मी एक तिरकी रेघ मारली आणि कागद परत दिला.

त्यांनी तो वरून खाली पाहिला. “इतकी वर्षं या राज्यात, आणि तुमचं जवळचं कुणीच नाही?”

“नाही,” मी म्हणाले.

“छान,” ते म्हणाले आणि सही केली. “म्हणजे तुमच्या बाबतीत काही अडचण यायची नाही.”